प्रेक्षक कुठे बसतो? : रात्र, नाच आणि उघड्या देहाच्या अभ्यासाची प्रस्तावना

धान कापून बांध्या मोकळ्या झाल्या, पुंजणे रचले गेले आणि भाऊबीज उलटली, की भंडारा जिल्ह्यात मंडईचे दिवस लागतात. प्रत्येक गावाच्या मंडईचा दिवस वेगळा. दिवसा बाजार, लेकीबाळी, पाहुणे, सोयरिकीची बोलणी. रात्री दंडार किंवा खडी गंमत हे इथले लोकनाट्यप्रकार, नाहीतर नाटक. नाटक दहा-अकराला उभं राहतं आणि शेवटचा पडदा पडतो तेव्हा तांबडं फुटलेलं असतं. हा हंगाम होळीपर्यंत ओढला जातो. गडचिरोली जिल्ह्यातलं वडसा हे या धंद्याचं मोठं केंद्र. २०२३ साली पूर्व विदर्भातल्या या झाडीपट्टी रंगभूमीचे नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा पुण्या-मुंबईच्या काही मंडळींना झाडीपट्टी नेमकी कुठे आहे हे नकाशात शोधावं लागलं असणार.

रात्रभर जागून, तिकीट काढून, थंडीत घोंगडी पांघरून एकत्र बसणं इथल्या माणसाला कुणी शिकवावं लागत नाही, हे सुरुवातीलाच सांगितलेलं बरं. कारण पुढे ज्या विषयाची ओळख करून द्यायची आहे तो ऐकताच माणूस दचकतो, आणि दचकलेला माणूस तो विषय परक्यांचा म्हणून बाजूला सारतो. विषय आहे नॅचरिस्ट लोकांच्या नाचाच्या रात्रींचा. लैंगिक हेतू न ठेवता, सर्वांनी मिळून कपड्यांविना पोहणं, उन्हात बसणं, खेळणं आणि युरोपातल्या काही शहरांत रात्री बंद दाराआड नाचणं, असा हा प्रकार. विद्यार्थ्यांपुढे तो मांडला की आधी हसू फुटतं, मग कुजबुज होते, आणि शेवटी एखादी धीट मुलगी विचारते, ‘सर, घरी विषयाचं नाव काय सांगू?’ प्रश्न रास्त आहे. घरी सांगावं, की प्रेक्षकाचा अभ्यास करते आहे. हे उत्तर वेळ मारून नेण्यासाठी दिलेलं नाही. या क्षेत्रात शिरायचं मला माहीत असलेलं सर्वांत सरळ दार तेच आहे.

आंतरराष्ट्रीय नॅचरिस्ट महासंघ १९५३ साली फ्रान्समध्ये मोंतालिव्हे इथे स्थापन झाला आणि १९७४ साली काप द’आग्दच्या परिषदेत त्याने आपली व्याख्या ठरवली: निसर्गाशी जुळवून घेणारी जीवनपद्धती, सामूहिक नग्नता, आणि त्यातून स्वतःचा, इतरांचा व पर्यावरणाचा आदर. या व्याख्येत ‘सामूहिक’ हा शब्द सगळा भार वाहतो. एकट्याने न्हाणीघरात कपडे काढणं नॅचरिझम नव्हे, आणि एकीने कपडे काढून बाकीच्यांनी कपड्यांत बसून पाहणं तर त्याच्या अगदी उलट. सगळे उघडे असतील तर पाहणारा असा वेगळा कुणी उरत नाही. ही गोष्ट साधी दिसते, पण त्या जगातले बाकीचे सगळे नियम तिच्यातूनच निघतात: कॅमेरा बंद, रोखून पाहणं असभ्य, न विचारता स्पर्श नाही, बसायचं तिथे आधी आपला टॉवेल अंथरायचा, आणि ‘मी फक्त बघायला आलोय’ म्हणणाऱ्याला दारातूनच परत पाठवायचं.

इतिहास सांगायचा तर बहुतेक पुस्तकं जर्मनीपासून सुरू करतात. ल्युबेकजवळ क्लिंगबर्ग इथे १९०३ साली उघडलेलं उद्यान, बर्लिनमध्ये आडोल्फ कोखच्या व्यायामशाळा, १९३३ साली नाझींनी घातलेली बंदी, पुढे पूर्व जर्मनीत बाल्टिकच्या किनाऱ्यावर या प्रथेला आलेला बहर. हे सारं इतरत्र भरपूर लिहिलं गेलं आहे. मराठी वाचकाने मात्र ठाण्यापासून सुरुवात करावी.

१८९१ साली चार्ल्स एडवर्ड गॉर्डन क्रॉफर्ड हा ठाण्याचा जिल्हा न्यायाधीश होता. त्याने ‘फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट’ नावाची संस्था काढली. लेखी नोंद असलेली जगातली ही पहिली नॅचरिस्ट संस्था मानली जाते. सदस्य तीन: स्वतः क्रॉफर्ड आणि कॅल्डरवुड आडनावाचे, मिशनरी घराण्यातले दोन भाऊ. माथेरानला आणि तुळशी तलावाच्या परिसरात ते कपड्यांविना वेळ घालवत. हे आपल्याला कळतं ते क्रॉफर्डने इंग्रज विचारवंत एडवर्ड कारपेंटरला लिहिलेल्या पत्रांवरून. कारपेंटर नुकताच श्रीलंका आणि हिंदुस्थान पाहून परतला होता. त्या प्रवासावरचं त्याचं पुस्तक १८९२ साली निघालं. त्याच सुमारास क्रॉफर्डची रत्नागिरीला बदली झाली आणि संस्था संपली. १८९४ साली तोही वारला.

या प्रकरणाला नॅचरिझमच्या इतिहासात हौशी तळटीप म्हणून जागा मिळते. मला ते त्याहून मोठं वाटतं. ज्या वसाहतीत गोऱ्या साहेबाचा पोशाख हीच त्याची सत्ता होती, उन्हाळ्यातसुद्धा कॉलर सैल करणं जिथे पदाला शोभत नसे, तिथे एक न्यायाधीश पोशाख उतरवू पाहतो, पण तो कुणासमोर उतरवतो? फक्त आपल्याच रंगाच्या दोघांसमोर, डोंगरावर, दूर. त्याचं धाडस जिथे थांबतं त्या रेषेवर बोट ठेवलं की एकोणिसाव्या शतकातली मुंबई समजू लागते. स्थानिक लोक कपडे कमी घालतात म्हणून त्यांना रानटी ठरवणाऱ्या राज्याचा हा अधिकारी होता, हेही विसरू नये.

महाराष्ट्रातल्या या इतिहासातलं दुसरं नाव अर्थात र. धों. कर्वे. जुलै १९२७ पासून १९५३ साली मृत्यू येईपर्यंत त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ चालवलं. संततिनियमन, लैंगिक आरोग्य आणि बुद्धिवाद यांचं ते मासिक. त्याच्या मुखपृष्ठावर नग्न स्त्रियांची चित्रं असत आणि अंकांतून नग्नतेचा, पाश्चात्त्य नग्नसंघांचा पुरस्कार. कर्व्यांचं म्हणणं असं, की नग्न शरीरात अश्लील काही नाही, अश्लीलता पाहणाऱ्याच्या मनात असते. त्यांच्यावर खटले झाले. १९३४ सालच्या खटल्यात त्यांचं वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतलं होतं. ते हरले, कर्व्यांनी दंड भरला आणि मासिक चालूच राहिलं. अमोल पालेकरांच्या ‘ध्यासपर्व’ या चित्रपटामुळे आणि अजित दळवींच्या नाटकामुळे हा प्रसंग आता बऱ्याच जणांना ठाऊक आहे.

कर्व्यांबद्दल नितांत आदर ठेवूनही त्यांच्याशी एक भांडण नव्या अभ्यासकाने जरूर करावं. मुखपृष्ठावर नग्न देह कायम बाईचा, आणि वर्गणीदार बहुधा पुरुष. म्हणजे मासिकाच्या आत नग्नसंघांची बाजू मांडली जात होती आणि मुखपृष्ठावर जुनीच व्यवस्था होती: एक उघडी, बाकीचे कपड्यांत, बघत. ‘मन शुद्ध असेल तर अश्लीलता नाही’ हा युक्तिवाद मनापाशी थांबतो. कोण कुठे उभं आहे हे तो विचारत नाही. न्यायालयांनाही तो प्रश्न उशिराच सुचला. १८६८ सालच्या इंग्लंडमधल्या हिकलिन खटल्याची, वाचणाऱ्याचं मन बिघडेल का एवढंच विचारणारी अश्लीलतेची कसोटी आपल्याकडे कित्येक दशकं टिकली. २०१४ साली अवीक सरकार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती बाजूला ठेवली. टेनिसपटू बोरिस बेकर आणि त्याची वाग्दत्त वधू यांचं नग्न छायाचित्र छापल्याचा तो खटला. समाजाचे समकालीन मापदंड पाहावेत, चित्र कशासाठी छापलंय ते पाहावं, असं न्यायालय म्हणालं.

आता क्लबकडे वळू. न्यूयॉर्कमध्ये डेव्हिड मॅन्कुसोने १९७० साली आपल्या राहत्या जागेत निमंत्रितांसाठी नाचाच्या रात्री सुरू केल्या. ‘लॉफ्ट’ या नावाने त्या ओळखल्या गेल्या. दारू विकली जात नव्हती, जाहिरात नव्हती, रंगमंच नव्हता. बर्लिनची भिंत पडल्यावर १९९१ साली एका जुन्या मोठ्या दुकानाच्या तळघरातल्या तिजोरीखोलीत ‘ट्रेझोर’ सुरू झाला. आजच्या बर्गहाइनच्या दारात फोनच्या कॅमेऱ्यावर स्टिकर चिकटवला जातो. भूमिगत म्हणवणाऱ्या या जागांचा गाभा अंधारात किंवा बंडखोरीत शोधणारं लेखन पुष्कळ आहे, आणि त्यातलं बरंचसं मला वेळखाऊ वाटलं. गाभा साधा आहे: वाजवणारा कोपऱ्यात, तोंड एकमेकांकडे, आणि भिंतीला टेकून नुसतं पाहणाऱ्याला थोडं ओशाळं वाटावं अशी रचना. नॅचरिस्टांची नाचाची रात्र आणि कपड्यांतला तळघरातला क्लब यांचं सख्य इथे आहे. दोन्हीकडे प्रेक्षकाची खुर्ची काढून घेतली आहे.

हे लक्षात आलं की झाडीपट्टी वेगळी दिसू लागते. साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी दंडारीचा आणि झाडीबोलीचा जो अभ्यास करून ठेवला आहे तो या क्षेत्रात येणाऱ्या प्रत्येकाने वाचावाच. दंडार असो की खडी गंमत, तिथे नाचणारा आणि पाहणारा वेगळे. पण अंतर फार नाही. लुगडं नेसून नाचणारा पोऱ्या गावातल्याच कुणाचा पुतण्या असतो, उद्या तोच धानाचे भारे वाहणार असतो. सगळ्यांना हे ठाऊक असतं आणि त्या ठाऊक असण्याने नजरेला वेसण बसते. याउलट रेला. गोंड-माडिया समाजातल्या या नाचात हात गुंफून रिंगण धरलं जातं, तोंडं आत, पाठी बाहेर. बाहेरून येणाऱ्याला दिसतात त्या पाठीच. मी जेवढे रात्रीचे नाच वाचले किंवा पाहिले, त्यांत प्रेक्षकाला इतक्या शांतपणे नाकारणारा दुसरा आढळला नाही. युरोपातल्या क्लबवाल्यांनी ज्यासाठी स्टिकर आणि पहारेकरी नेमले, ते इथे रिंगणाच्या आकारानेच साधलं आहे. (आदिवासी आणि कमी कपडे हे समीकरण मांडून या परिच्छेदाचा उपयोग कुणी करू नये. वसाहतीच्या काळात त्या समीकरणावर पुष्कळ छायाचित्रं विकली गेली.)

आणि मग ‘डान्स हंगामा’. अलीकडच्या वर्षांत मंडई आणि शंकरपटाच्या (बैलांच्या शर्यतीच्या) निमित्ताने नाटकाच्या जागी मंचावर तरुणींना नाचवण्याचा हा प्रकार शिरला. जानेवारी २०२२ मध्ये उमरेड तालुक्यातल्या आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये आपल्याच तुमसर तालुक्यातल्या अशा कार्यक्रमांच्या चित्रफिती पसरल्या, गुन्हे दाखल झाले, पोलिसांवरही कारवाई झाली. वृत्तपत्रांनी ‘नग्न नृत्य’ हा शब्द मोठ्या टायपात छापला आणि चर्चा संस्कृतीवर गेली. पण चित्रफितीतली रचना पाहा: मंचावर एक-दोन तरुणी, खाली शेकडो पुरुष, सगळे कपड्यांत, प्रत्येकाच्या हातात फोन. नॅचरिस्ट रात्रीशी याचं साम्य शोधायचं तर कपडे नसणं एवढंच. बाकी प्रत्येक बाबतीत दोन्ही विरुद्ध टोकांना. एकीकडे पाहण्यालाच बंदी, दुसरीकडे पाहणं हाच माल. त्या तरुणींचं वेतन किती, त्यांना कुणी, काय सांगून आणलं, चित्रफीत पसरल्यावर त्यांचं काय झालं, हे एकाही अग्रलेखात मला वाचायला मिळालं नाही.

कायद्याकडे पाहिलं तर तोही कपड्यांचंच माप घेत बसलेला दिसतो. भारतीय दंडसंहितेचं कलम २९४, आता भारतीय न्याय संहितेचं २९६, सार्वजनिक जागी इतरांना त्रास होईल असं अश्लील कृत्य शिक्षापात्र ठरवतं. ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने उमरेडजवळच्या तिरखुरा इथल्या एका रिसॉर्टवरचा गुन्हा रद्द केला. बंद सभागृहात काही स्त्रिया तोकड्या कपड्यांत नाचत होत्या, पोलिसांनी धाड घातली होती. न्यायालयाचं म्हणणं असं, की तोकडे कपडे किंवा तसे हावभाव एवढ्यावरून कृत्य अश्लील ठरत नाही, आणि ज्याला त्रास झाला असा तक्रारदार कुठे आहे? तुमसरच्या त्या कार्यक्रमाच्या जेमतेम महिनाभर आधीचा हा निकाल, त्याच खंडपीठाच्या हद्दीतला. दोन्ही प्रकरणं शेजारी ठेवून एक चांगला प्रबंध होईल.

डान्स बारचं प्रकरण याहून बोलकं. २००५ ची बंदी, २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती उठवणं, २०१६ चा नवा कायदा आणि जानेवारी २०१९ मध्ये त्यातल्या बऱ्याच अटी रद्द होणं. या लांबलेल्या भांडणात एक वेळ अशी आली की शासन आणि न्यायालय मिळून फुटपट्टी घेऊन बसले: मंचाभोवती तीन फुटांचा कठडा, कठड्यापासून गिऱ्हाइकाची खुर्ची पाच फुटांवर. नाचणारी आणि पाहणारा यांच्यातलं अंतर राज्याने फुटांत मोजल्याचं असं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. बारमध्ये नाचणाऱ्या बायका कोणत्या जातींतून येतात आणि त्यांच्या नाचाला कला न म्हणता धंदा का म्हटलं जातं, हे समजून घ्यायचं तर शर्मिला रेगे यांचे लावणीवरचे लेख, अ‍ॅना मॉरकम यांचं २०१३ चं पुस्तक आणि शैलजा पाईक यांचं तमाशावरचं २०२२ चं पुस्तक यांना पर्याय नाही.

गोव्याचा उल्लेख टाळता येत नाही, आणि तो लवकर संपवावासा वाटतो, कारण त्यावर भाबडं लिहिणारे फार. सत्तरीच्या दशकात हणजुणेच्या किनाऱ्यावर पाश्चात्त्य हिप्पी उघडे राहत, पौर्णिमेला नाचत. बातमी पसरली आणि बसगाड्या भरून देशी पर्यटक त्यांना पाहायला येऊ लागले. प्रेक्षक नको असलेल्या जागेला प्रेक्षक मिळाले. पण तेवढ्यावर हिप्पींची बाजू घेऊ नये. अरुण साल्ढाणा यांनी २००७ सालच्या आपल्या पुस्तकात दाखवलं आहे की त्या मोकळ्या नाचात पहाटे नेमकं गोऱ्यांचंच राज्य उरे. देशी माणूस आला की तो ‘बघ्या’ ठरे, मग तो नाचत असो वा नसो. प्रेक्षकाला वगळण्याचा नियम हा माणसाला वगळण्याचाही सोयीचा रस्ता असतो. ठाण्याच्या त्या तिघांपाशीही हेच होतं.

या जिल्ह्यातून हा विषय लिहिणाऱ्याला आणखी एक जबाबदारी आहे. मोहाडी तालुक्यातल्या खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ रोजी भोतमांगे या दलित कुटुंबातल्या चौघांची हत्या झाली. दलित माणसाची वस्त्रं उतरवणं, धिंड काढणं हे आपल्याकडे जातीच्या हिंसेचं नेहमीचं हत्यार आहे. एकीकडे त्र्यंबकेश्वरच्या कुंभात नागा साधूंच्या वाटेवर फुलं पसरली जातात, दिगंबर मुनी गावात आले की लोक पाया पडतात. दुसरीकडे तेच उघडेपण दुसऱ्या देहावर शिक्षा म्हणून लादलं जातं. त्यामुळे ‘नग्नता म्हणजे मुक्ती’ असं वाक्य भंडाऱ्यात बसून कुणालाही सहज लिहिता येऊ नये. ते लिहिण्याआधी कुणाची, कुणाच्या मर्जीने, आणि नको म्हणायची सोय होती का, एवढं तरी विचारलेलं असावं.

नव्याने येणाऱ्यांना कामाच्या दोन गोष्टी सांगतो. रात्रीचा अभ्यास म्हणून जे क्षेत्र उभं राहतंय त्यात मरे मेलबिन यांचं ‘नाइट अ‍ॅज फ्रंटियर’ आणि रॉजर एकर्च यांचा रात्रीचा इतिहास ही दोन पुस्तकं पाया समजावी. पण सुरुवात कागद-पेन्सिलीने, आपल्याच तालुक्यात करावी. कोणत्याही रात्रीच्या कार्यक्रमाला जाऊन पेंडॉलचा आराखडा काढा. बायका कुठे, पुरुष कुठे, पाटलाची खुर्ची कुठे, उभं कोण, मंचाचा उजेड कुठवर पोचतो, पोलीस कोणत्या बाजूला चहा पितो. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांप्रमाणे दहानंतर भोंगा बंद व्हायला हवा. तो कुणाच्या परवानगीने चालू राहतो, तेही लिहा. छायाचित्र काढू नका. छायाचित्राविना टिपण करायची सवय इथेच लागली, तर पुढे बर्लिनला नॅचरिस्ट रात्रीला जायची वेळ आली तरी अडणार नाही. आणि तिथे गेलात तर सहभागाचं निरीक्षण की निरीक्षणाचा सहभाग असले वाद घालू नका. तिथे कपडे अंगावर ठेवून वही उघडणाऱ्याला आत घेतच नाहीत.

एक प्रश्न माझ्याकडून सुटलेला नाही, तो पुढच्यांसाठी ठेवतो. प्रेक्षक नसलेल्या या रात्री चालवणारे लोक असतात: दार राखणारा, दारू ओतणारी, पहाटे फरशी पुसणारी. नाचणारे सगळे उघडे आणि हे मात्र गणवेशात. मग त्यांना काय म्हणायचं? पाहणं टाळता येत नाही, पाहिल्याचं दाखवता येत नाही, आणि पाहण्याचे पैसे मिळत नाहीत. मिळतात ते फरशीचे. नॅचरिस्ट संस्थांच्या समतेत त्यांची गणना कुठे होते? तोच प्रश्न १८९१ सालच्या ठाण्यालाही विचारता येतो. त्या काळी न्यायाधीशाच्या बंगल्यात नोकरचाकर असत, माथेरानला सामान हमाल वाहून नेत. क्रॉफर्डने कारपेंटरला पत्रं लिहिली, त्या हमालांना कुणाला पत्र लिहायची सोय नव्हती. त्यांचा माग कसा काढायचा, याची पद्धत अजून कुणी बसवलेली नाही; ती बसवणाऱ्याला या क्षेत्रात करण्यासारखं काम पुष्कळ आहे.